काळाच्या दांडीवर माणसाचा हात
(एच. जी. वेल्स यांच्या ‘द टाइम मशीन’साठी प्रस्तावना)

‘द टाइम मशीन’मध्ये आठ लाख वर्षांचा प्रवास आहे, जमिनीखाली राहणारे आपले वंशज आहेत, विझत चाललेला सूर्य आहे. तरीही या लघुकादंबरीने जगाच्या साहित्यात जी नवी गोष्ट आणली, ती पहिल्या काही पानांतच येऊन जाते. लंडनजवळच्या रिचमंडमधले एक घर. रात्रीचे जेवण आटोपले आहे. पाहुण्यांत एक डॉक्टर आहे, एक मानसशास्त्रज्ञ आहे, एका गावचा महापौर आहे. यजमान त्यांच्यापुढे टेबलावर एक वस्तू ठेवतो. लहानशा घड्याळाएवढी, चकचकीत धातूच्या सांगाड्याची, हस्तिदंत आणि पारदर्शक स्फटिक बसवलेली. तिला दोन पांढऱ्या दांड्या आहेत. एक दांडी ढकलली की वस्तू भविष्याकडे निघते, दुसरीने उलट्या दिशेला. यजमान मानसशास्त्रज्ञाचा हात हातात घेतो आणि दांडी त्याच्याच बोटाने दाबवतो. वाऱ्याची झुळूक येते, दिव्याची ज्योत उसळते, एक मेणबत्ती विझते आणि टेबलावरची ती वस्तू नाहीशी होते.

यजमानाला दांडी स्वतः दाबता आली असती. वेल्स ती शंका घेणाऱ्या पाहुण्याला दाबायला लावतात. पुढच्या सव्वाशेहून अधिक वर्षांत लिहिल्या गेलेल्या कालप्रवासाच्या कथांचे बीज या एका कृतीत आहे. काळ हा माणसाला वाहून नेणारा प्रवाह, ही कल्पना सर्व संस्कृतींत जुनी आहे. त्या प्रवाहाला दांडी असावी, ती माणसाच्या हाताला लागावी आणि मग जे घडेल त्याचे उत्तर त्या हाताला द्यावे लागावे, ही कल्पना नवी आहे. ‘द टाइम मशीन’ मला महत्त्वाची वाटते ती या उत्तरदायित्वामुळे. प्रवासाची नवलाई पहिल्या वाचनात सरते. दांडीवरच्या हाताचा प्रश्न मात्र पुस्तक मिटल्यावरही आपल्याबरोबर राहतो.

वेल्स यांच्या आधी माणसे कथांमधून काळ ओलांडत नव्हती असे नाही. आपल्या पुराणांत राजा रैवत ककुद्मी आपली कन्या रेवती हिच्यासाठी योग्य वर कोण, हे विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथे गायन चालू असते म्हणून क्षणभर थांबतो. प्रश्न विचारतो तेव्हा ब्रह्मदेव त्याला सांगतो की, तू मनात धरलेले सारे वर केव्हाच काळाच्या उदरात गेले, पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली. रेवती पुढे बलरामाला दिली जाते. मुचुकुंद गुहेत झोपतो तो युगांनंतर जागा होतो. अमेरिकेत वॉशिंग्टन अर्व्हिंग यांच्या १८१९ च्या कथेतला रिप व्हॅन विंकल डोंगरात झोपला आणि वीस वर्षांनी उठला. चार्ल्स डिकन्स यांच्या १८४३ च्या नाताळकथेत स्क्रूजला भूतकाळ आणि भविष्य दाखवायला भुते येतात. एडवर्ड बेलामी यांच्या १८८८ च्या कादंबरीतला नायक संमोहनाच्या झोपेतून थेट २००० साली पोहोचतो. मार्क ट्वेन यांच्या १८८९ च्या कादंबरीतला यांकी डोक्यात टोला बसून राजा आर्थरच्या दरबारात जाऊन पडतो.

या सगळ्यांत एक साम्य आहे. कोणीही स्वतःहून निघालेले नाही. झोप, भूत, टोला, दैवी लोकातले वेगळे कालमान यांनी त्यांना नेले. ककुद्मीला काळाचा हिशोब कळतो तो सारे घडून गेल्यावर. त्याला परत फिरण्याचा मार्ग नाही, म्हणून त्याच्यावर दोषही नाही. काळाने केले आणि माणसाने सोसले, असा या कथांचा न्याय आहे.

यंत्राची कल्पनाही वेल्स यांच्या आधी डोकावून गेली होती. एडवर्ड पेज मिचेल या अमेरिकी पत्रकाराच्या १८८१ मधल्या एका कथेत उलटे चालणारे जुने घड्याळ दोन मुलांना सोळाव्या शतकातल्या वेढा पडलेल्या लायडन शहरात नेते. स्पॅनिश लेखक एन्रिके गास्पार यांच्या १८८७ च्या कादंबरीत लोखंडाची एक प्रचंड पेटी विजेच्या बळावर पृथ्वीच्या फिरण्याविरुद्ध उडते आणि भूतकाळात शिरते. प्रवासी वाटेत वयाने लहान होत जाऊ नयेत म्हणून त्यांना एका विशेष द्रवाचे संरक्षण द्यावे लागते. वेल्स यांनी स्वतः १८८८ मध्ये, विद्यार्थिदशा नुकतीच संपलेली असताना, कॉलेजच्या मासिकात कालप्रवासी यंत्राची एक अपुरी कथा लिहिली. ती त्यांना पसंत नव्हती. पुढची काही वर्षे ते तीच कल्पना पुन्हा पुन्हा लिहीत राहिले. १८९५ च्या जानेवारी ते मे या महिन्यांत ती विल्यम हेन्ली यांच्या ‘न्यू रिव्ह्यू’मधून क्रमशः आली आणि त्याच वर्षी पुस्तकरूप झाली. वेल्स तेव्हा एकोणतीस वर्षांचेही नव्हते.

हे यंत्र त्याच काळात का सुचले, याचा विचार केला तर पुस्तक अधिक उलगडते. एकोणिसाव्या शतकापर्यंत प्रत्येक गावाची दुपार त्या गावच्या सूर्याने ठरत असे. रेल्वे आली आणि वेळापत्रकासाठी सगळ्या गावांची घड्याळे एका घड्याळाला जुळवावी लागली. १८८४ मध्ये वॉशिंग्टनला भरलेल्या आंतरराष्ट्रीय परिषदेने ग्रिनिच हे शून्य रेखांश मानले. वेळ निसर्गाच्या हातून कचेऱ्यांच्या हाती गेली. आपल्याकडे तर हा झगडा लोकांनी अंगावर घेतला. मुंबईतली रेल्वे मद्रासच्या वेधशाळेच्या वेळेवर चालायची आणि शहर आपल्या सूर्याच्या वेळेवर. १९०६ च्या १ जानेवारीपासून सरकारने भारतीय प्रमाणवेळ लागू केली. ती मुंबईच्या वेळेपेक्षा सुमारे ३९ मिनिटे पुढे होती. आपल्या दिवसातली एवढी मिनिटे परक्या सत्तेने एका हुकमाने सरकवावीत, याला शहराने विरोध केला आणि मुंबईची स्वतंत्र वेळ १९५५ पर्यंत टिकवून धरली. दोन वेळा सांभाळणाऱ्या त्या शहराला एक गोष्ट अनुभवाने कळली होती: घड्याळाचे काटे कोणाच्या तरी हुकमाने फिरतात आणि तो हुकूम कोणाचा, हा सत्तेचा प्रश्न असतो. वेल्स यांची दांडी याच जगातून आली.

दुसरा धागा विज्ञानाचा आहे. वेल्स यांचा जन्म १८६६ चा. बाप छोटे दुकान चालवणारा आणि क्रिकेट खेळणारा. आई मोठ्या घरच्या नोकरवर्गात. मुलाला आधी कापडदुकानात उमेदवारीला बसवले होते. तिथून निसटून तो शिष्यवृत्तीवर लंडनच्या साउथ केन्सिंग्टनमधल्या विज्ञानशाळेत आला आणि १८८४ मध्ये थॉमस हक्स्ली यांच्या हाताखाली जीवशास्त्र शिकला. डार्विनच्या बाजूने जाहीर वाद घालणारे ते हेच हक्स्ली. भूगर्भशास्त्राने पृथ्वीचे वय हजारांच्या मापातून उचलून कोटींच्या मापात नेऊन ठेवले होते. उत्क्रांतीने दाखवले होते की माणूस हा शेवटचा मुक्काम नाही. उष्मागतिकीने बजावले होते की सूर्यही एक दिवस थंड होणार. लॉर्ड केल्व्हिन यांच्या हिशोबात सूर्याचे आयुष्य काही कोटी वर्षांत मोजले जात होते, कारण अणुगर्भातल्या ऊर्जेचा तेव्हा कोणालाच पत्ता नव्हता. आज आपण जाणतो की सूर्याजवळ अजून सुमारे ५०० कोटी वर्षांचे इंधन आहे. पण या कादंबरीच्या अखेरच्या भागात, तीन कोटी वर्षांनंतरच्या समुद्रकाठावर, फुगलेला लाल सूर्य आणि विरळ, बोचरी हवा दिसते ती त्या काळच्या सर्वोत्तम विज्ञानाशी प्रामाणिक राहून लिहिलेली आहे.

आता यंत्राकडे येऊ. वेल्स ते जाणूनबुजून अर्धेच दाखवतात. निकेल, हस्तिदंत, स्फटिकाचे दांडे आणि बसायला सायकलसारखी बैठक. त्या दशकात इंग्लंडभर सायकलचे वेड पसरले होते आणि वेल्स स्वतः सायकल चालवत. समोर तबकड्या आहेत: एक दिवस मोजते, दुसरी हजारो दिवस, तिसरी दशलक्षावधी, चौथी त्याहून मोठे आकडे. यंत्र कशाने चालते हे कुठेही सांगितलेले नाही. त्याऐवजी वेल्स एक विचार देतात. लांबी, रुंदी आणि उंची असलेली पण क्षणभरही न टिकणारी वस्तू असू शकेल काय? नसेल, तर टिकणे हीदेखील एक मिती आहे, आणि काळ चौथी मिती असेल तर तिच्यातून जाता का येऊ नये? गणितज्ञ हेर्मान मिन्कोव्स्की यांनी अवकाश आणि काळ यांना एकाच भूमितीत बांधणारे प्रसिद्ध व्याख्यान कोलोनमध्ये दिले ते १९०८ साली, म्हणजे या कादंबरीनंतर तेरा वर्षांनी.

कालप्रवासी दांडी ओढतो तेव्हा काय होते, याचे वर्णन वाचकाने सावकाश वाचावे. त्याच्या घरची बाई प्रयोगशाळेतून बागेच्या दाराकडे जायला निघते आणि त्याला ती डोळ्यांपुढून सुटलेल्या बाणासारखी गेलेली दिसते. मग दिवस आणि रात्र एकमेकांत मिसळू लागतात, सूर्य आभाळात पट्टा होऊन राहतो, ऋतू पांढऱ्या-हिरव्या रंगांनी येतात आणि सरतात. परतीच्या वाटेवर तीच बाई पुन्हा दिसते, पण आता उलटी चालत. सिनेमा नुकता जन्माला येत होता. ल्युमिए बंधूंचा पॅरिसमधला तिकीट लावून केलेला पहिला प्रयोग १८९५ च्या डिसेंबरमधला. चित्रपट वेगाने आणि उलटा फिरवला की काय दिसते, ते वेल्स यांनी पडद्यावर काही पाहण्याआधी लिहून ठेवले.

यंत्राचा एक नियम मला फार अर्थपूर्ण वाटतो. ते फक्त काळात सरकते, जागा सोडत नाही. इ. स. ८,०२,७०१ मध्ये कालप्रवासी उतरतो ती त्याच्या प्रयोगशाळेचीच जागा. तिथे आता हिरवळ आहे आणि पांढऱ्या स्फिंक्सचा पुतळा आहे. यंत्रापासून दूर जाताना तो दोन्ही दांड्या फिरवून काढतो आणि खिशात टाकतो. रात्री भुयारातली माणसे यंत्र ओढून पुतळ्याच्या चौथऱ्यात नेतात. यंत्र त्यांच्याकडे आणि दांड्या याच्याकडे. कोणालाच कुठे जाता येत नाही. अखेर तो यंत्र परत मिळवून घरी पोहोचतो तेव्हा ते प्रयोगशाळेच्या आग्नेय कोपऱ्यातून निघालेले असते आणि वायव्येच्या भिंतीशी येऊन थांबते. जेवढे अंतर त्या भुयारी माणसांनी ते ओढले, तेवढेच. भविष्यात झालेल्या एका चोरीचा पुरावा वर्तमानातल्या जमिनीवर उमटतो. कल्पित गोष्ट खरी वाटावी म्हणून एवढा नेमका आणि एवढा साधा तपशील योजणारा लेखक क्वचित सापडतो.

आणि तिथे, आठ लाख वर्षांनंतर, काय आहे? जमिनीवर इलॉय राहतात: सुकुमार, हसरे, फळे खाणारे, कशाचीच जिज्ञासा नसलेले. जमिनीखाली मॉरलॉक राहतात, यंत्रे चालवतात आणि अंधारात वर येऊन इलॉयांना पकडून नेतात. कालप्रवासी आधी समजतो की ही साम्यवादी सुबत्ता असावी. मग हळूहळू उमगते की एके काळचा मालकवर्ग आणि कामगारवर्ग यांच्यातली दरी वाढत वाढत दोन जाती झाल्या आहेत. एक वर्ग कष्ट विसरला, दुसरा उजेड विसरला आणि शेवटी ज्यांना खाऊ घातले त्यांनाच खाऊ लागला. हे चित्र वेल्स यांनी हवेतून आणलेले नाही. त्यांची आई ससेक्समधल्या अपपार्क या जमीनदारी वाड्यात मुख्य सेविका होती. त्या वाड्याचे स्वयंपाकघर आणि तबेले मुख्य इमारतीपासून वेगळे होते आणि नोकर जमिनीखालच्या भुयारांतून ये-जा करत, म्हणजे वरच्यांच्या नजरेला ते पडू नयेत. कुमारवयातल्या वेल्सने ती भुयारे पाहिली होती. कालप्रवासी ज्या विहिरींतून खाली उतरतो, त्यांचा उगम मला अपपार्कमध्ये दिसतो.

यात मराठी वाचकाला परके काही वाटू नये. गावकुसाबाहेरची वस्ती, सार्वजनिक विहिरीला मज्जाव, नजरेला पडू नये अशा बेताने आखलेली माणसांची वाट हे सारे आपल्या समाजाने शतकानुशतके केले आहे. १९२७ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी प्यायले तो या आखणीला दिलेला नकार होता. वेल्स जो प्रश्न विचारतात तो असा: अशी आखणी नाकारणारे कोणी निघालेच नाही आणि ती तशीच चालू राहिली, तर हजारो पिढ्यांनंतर माणूस म्हणून काय उरेल? कालयंत्र इथे भिंगाचे काम करते. आजच्या समाजातली फट आठ लाख वर्षांपर्यंत मोठी करून ते आपल्यापुढे धरते.

कादंबरीतला सर्वांत दुःखद भाग वीनाचा आहे. बुडताना वाचवलेली ही इलॉय मुलगी कालप्रवाशाच्या मागे लागते आणि त्याच्या खिशात फुले खोचते. भुयारी माणसांपासून बचाव करण्यासाठी तो रानात काड्या ओढून आग पेटवतो. ती आग मागे पसरते, रान पेटते आणि त्या गोंधळात वीना हरवते. ज्याच्या हाताशी काळ आहे त्याला आपण लावलेली आग आवरता येत नाही. त्याने यंत्रात बसून आदल्या संध्याकाळी जायला काय हरकत होती? वेल्स हा प्रश्न उपस्थितच करत नाहीत. तो पुढच्या लेखकांसाठी शिल्लक राहिला आणि विसाव्या शतकातल्या कालप्रवासाच्या कथा बहुतांशी त्या एका प्रश्नाची उत्तरे आहेत.

त्या कथांकडे जाण्याआधी विज्ञानाने पुढे काय सांगितले ते पाहायला हवे, कारण ते कादंबरीइतकेच अद्भुत आहे. कादंबरीनंतर दहा वर्षांनी, १९०५ मध्ये, आइन्स्टाइन यांनी दाखवले की वेगाने जाणाऱ्याचे घड्याळ सावकाश चालते. १९१५ च्या व्यापक सापेक्षतेने त्यात भर घातली: गुरुत्वाकर्षण जिथे तीव्र, तिथेही काळ मंद होतो. १९३८ मध्ये होमी भाभा यांनी, तेव्हा ते केंब्रिजमध्ये होते, सुचवले की विश्वकिरणांतल्या वेगवान अल्पायुषी कणांचे आयुष्य याच कारणाने लांबलेले दिसले पाहिजे. या कणांना आज आपण म्युऑन म्हणतो. ते सरासरी २.२ मायक्रोसेकंद जगतात. तेवढ्या वेळात प्रकाशाच्या वेगानेही जेमतेम ६६० मीटर अंतर कापता येते. पण वातावरणात दहा-पंधरा किलोमीटर उंचीवर जन्मलेले म्युऑन जमिनीपर्यंत पोहोचतात. हे वाक्य वाचून होईपर्यंत असे कितीतरी कण आपल्या अंगातून पार गेलेले असतात. त्यांच्यापुरता काळ खरोखर मंदावलेला असतो.

१९७१ च्या ऑक्टोबरमध्ये जोसेफ हाफेल आणि रिचर्ड कीटिंग यांनी सीझियमची अणुघड्याळे प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली. पूर्वेकडे गेलेली घड्याळे सुमारे ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. आज आपल्या मोबाइलमधले जीपीएस ज्या उपग्रहांवर अवलंबून असते, त्यांची घड्याळे जमिनीच्या तुलनेत दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात. ही दुरुस्ती केली नाही तर एका दिवसात कित्येक किलोमीटरांची चूक साचेल. म्हणजे वेल्स यांची पहिली दांडी, भविष्याकडे नेणारी, निसर्गाने मान्य केली आहे. तिचा मोबदला मात्र वेगाच्या आणि ऊर्जेच्या रूपात मोजावा लागतो.

दुसऱ्या दांडीचे तसे नाही. १९४९ मध्ये गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांतून असे एक फिरणारे विश्व काढून दाखवले की ज्यात प्रवासी आपल्याच भूतकाळात परत येऊ शकतो. आपले विश्व तसे फिरत नाही, पण समीकरणे ते नाकारतही नाहीत. पुढे कार्ल सेगन यांना ‘कॉन्टॅक्ट’ या कादंबरीसाठी ताऱ्यांमधला आडमार्ग हवा होता. त्यांनी भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न यांना विचारले आणि त्या विचारण्यातून १९८८ मध्ये थॉर्न आणि सहकाऱ्यांचा एक शोधनिबंध आला: अवकाशातल्या कृमिविवराचे (वर्महोलचे) एक तोंड वेगाने फिरवून आणले तर त्यातून भूतकाळाकडे वाट निघू शकते. ते विवर उघडे ठेवायला ऋण ऊर्जा लागते आणि यंत्र तयार होण्याआधीच्या काळात त्यातून जाता येत नाही. १९९२ मध्ये स्टीफन हॉकिंग यांनी अटकळ मांडली की भौतिकीचे नियमच अशा वाटा बंद करत असावेत. एका कादंबरीकाराच्या गरजेतून भौतिकीला नवा प्रश्न मिळाला. कल्पनेचे विज्ञानावर असे ऋण क्वचित इतके स्पष्ट दिसते.

साहित्याने मात्र दुसरी दांडी मनसोक्त वापरली. रेने बार्झावेल यांच्या १९४० च्या दशकातल्या फ्रेंच कादंबरीने आपल्याच पूर्वजाला मारण्याचा तिढा पुढे आणला: तो मेला तर मी जन्मलो कसा, आणि मी जन्मलो नाही तर त्याला मारले कोणी? रॉबर्ट हाइनलाइन यांनी १९४१ मध्ये आणि पुन्हा १९५९ मध्ये असे वर्तुळ रचले की ज्यात प्रवाशाने जे जे केले ते आधीच घडलेले असते. रे ब्रॅडबरी यांच्या १९५२ च्या कथेत शिकारीसाठी डायनोसॉरच्या युगात गेलेला एक प्रवासी नकळत एक फुलपाखरू चिरडतो आणि परत येतो तो बदललेल्या जगात. आयझॅक अॅसिमोव्ह यांनी १९५५ च्या ‘द एंड ऑफ इटर्निटी’मध्ये काळाचे प्रशासन चालवणारी एक संस्थाच कल्पिली. ती मानवजातीची दुःखे टाळण्यासाठी इतिहासात लहान लहान दुरुस्त्या करते, आणि कादंबरीचा निर्णय असा की या काळजीवाहू दुरुस्त्यांनीच माणसाची झेप खुंटली. या कथा वाचताना प्रत्येकीला एकच गोष्ट विचारावी: इथे हाताने केलेले टिकते की नाही? हाइनलाइनच्या वर्तुळात नियती जिंकते. ब्रॅडबरीच्या रानात एका पावलालाही परिणाम आहे. अॅसिमोव्हच्या संस्थेत सत्ता आहे, पण शहाणपण अपुरे आहे.

मराठीत हा प्रश्न सर्वांत नेमकेपणाने खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर यांनी हाताळला. त्यांना तो परका असण्याचे कारणच नव्हते. फ्रेड हॉइल यांच्यासोबत त्यांनी केलेल्या संशोधनाचा एक भाग काळाच्या दिशेशीच जोडलेला होता: प्रकाशलहरी भूतकाळाकडून भविष्याकडेच का जातात आणि त्याचा विश्वाच्या प्रसरणाशी काय संबंध? १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा ‘नारायण विनायक जगताप’ या टोपणनावाने पाठवली, म्हणजे परीक्षकांनी नावाकडे न बघता कथेकडे बघावे. तिला पहिले पारितोषिक मिळाले आणि मराठी विज्ञानकथेचा एक नवा काळ सुरू झाला.

त्यांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा या कादंबरीशेजारी ठेवून वाचावी. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे पानिपतच्या विचारात असताना एका अपघाताने दुसऱ्याच जगात जातात. तिथे १४ जानेवारी १७६१ ला विश्वासरावांना गोळी लागलेली नाही. ती त्यांच्या कानाजवळून निसटून गेली आहे. मराठे जिंकले आहेत आणि पुढचा सगळा इतिहास वेगळा घडला आहे. या कथेत यंत्र नाही. तबकड्या नाहीत, बैठक नाही. पण दांडी आहे: गोळीची काही इंचांची वाट. गंगाधरपंत त्या जगात हळहळत किंवा मिरवत बसत नाहीत. ते ग्रंथालय गाठतात आणि इतिहासाचे पुस्तक मागे मागे चाळत कुठल्या पानावर वाटा फुटल्या ते शोधतात.

इतिहासात जर-तरला जागा नसते, असे आपण म्हणतो आणि तरीही पानिपतावर घरोघरी जर-तर चालूच असते. भाऊसाहेब हत्तीवरून उतरले नसते तर, रसद तुटली नसती तर. या हळहळीला आपण बहुधा भावनेपाशीच सोडून देतो. कालयंत्राची कथा तिला शिस्त लावते. एक गोष्ट बदल, म्हणते, आणि मग पुढचे सारे कारण-परिणामाने दाखव. तेव्हा कळते की एका गोळीने सगळे घडत नाही. सैन्याची रसद, मित्रांची जुळणी, पैसा, थंडी, हे सारे त्या गोळीच्या मागे उभे असते. इतिहास समजून घेण्याची ही कठोर रीत मनोरंजनाच्या वेषात आपल्यापर्यंत आली, याबद्दल या साहित्यप्रकाराचे आपण ऋणी असायला हवे.

या पुस्तकाला सामोरे जाणाऱ्या आजच्या वाचकाला, विशेषतः तरुण वाचकाला, आणखी एक गोष्ट सांगावीशी वाटते. वेल्स यांनी आठ लाख वर्षे हे अंतर निवडले तेव्हा ते माणसाच्या हाताच्या पलीकडचे होते. आज तसे राहिलेले नाही. अंटार्क्टिकावरच्या ‘डोम सी’ या ठिकाणी शास्त्रज्ञांनी खोल छिद्र पाडून बर्फाचा जो गाभा काढला, त्यातल्या हवेच्या बुडबुड्यांनी गेल्या आठ लाख वर्षांतल्या वातावरणाची नोंद दिली आहे. त्या सगळ्या काळात कार्बन डायऑक्साइडचे प्रमाण दहा लाख भागांत साधारण १८० ते ३०० भाग यांच्या दरम्यान वरखाली होत राहिले. आज ते ४२० च्या वर आहे, आणि ही वाढ मुख्यतः दोन-अडीच शतकांतल्या माणसाच्या उद्योगांची आहे. अणुभट्टीत तयार होणाऱ्या प्लुटोनियम-२३९ चे अर्धे प्रमाण उरायला सुमारे २४ हजार वर्षे लागतात आणि आयोडीन-१२९ चे अर्धे उरायला सुमारे १ कोटी ५७ लाख. कालप्रवासी जिथे पोहोचला तिथे, इ. स. ८,०२,७०१ मध्ये, आपण आज मागे ठेवलेले आयोडीन जवळपास सगळेच शिल्लक असेल.

म्हणजे वेल्स यांचे यंत्र बांधल्याविनाच आपण त्या काळात पोहोचलो आहोत. फरक एवढाच की आपण तिथे प्रवासी म्हणून जात नाही. आपली कृत्ये जातात आणि परत येऊन हकिगत सांगणारे कोणी नसते. म्हणून अशा कादंबरीची गरज आहे. ती आपल्या वतीने पुढे जाते, पाहते, आणि एका संध्याकाळी परत येऊन आपल्याला सांगते. तिचा नायक भविष्य बदलून येत नाही, कारण ते बदलायचे ठिकाण तिथे नाहीच. ते रिचमंडमध्ये आहे, मुंबईत आहे, आपण ज्या ठिकाणी हे पुस्तक उघडले आहे तिथे आहे. कोणाला भुयारात ढकलायचे आणि कोणाला उजेडात ठेवायचे, किती जाळायचे आणि किती राखायचे, हे सारे निर्णय वर्तमानातच होतात. वाचकांनी हे पुस्तक नवलकथा म्हणून उघडावे आणि आपल्या निर्णयांची तपासणी म्हणून संपवावे, एवढीच या प्रस्तावनेची अपेक्षा आहे.